आर्थर राजाच्या गोष्टी मुलांना सांगताना काय ठेवावं, काय गाळावं

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. तुम्ही इंग्लंडमध्ये राहता, घरात आठ वर्षांची मुलगी आणि अकरा वर्षांचा मुलगा आहे. आर्थर राजा, त्याचा जादूगार मर्लिन, गोलमेज ही नावं त्यांच्या कानावर शाळेत पडली आहेत, आणि रात्री झोपताना त्या गोष्टी मराठीतून सांगाव्यात अशी तुमची इच्छा आहे. पण मूळ पुस्तक चाळल्यावर तुम्ही थबकलात. पानोपानी मुंडकी उडतात, राजाचा जन्मच फसवणुकीतून होतो, राणी राजाच्या जिवलग मित्राच्या प्रेमात पडते आणि शेवटी जवळजवळ सगळे मरतात. मुलांसाठी म्हणून निघालेल्या आवृत्त्यांमध्ये यातलं बरंचसं गाळलेलं आहे, आणि त्या तुमच्या मुलांना मिळमिळीत वाटल्या. मग नेमकं काय ठेवायचं?

मी पुष्कळ वर्षं ग्रंथालयांत, शाळांत आणि सुट्टीतल्या शिबिरांत मुलांना गोष्टी सांगत आले आहे. आर्थरच्या गोष्टी माझ्या फार जिव्हाळ्याच्या आहेत, त्यामुळे उत्तर लांबणार आहे.

माझं मत आधीच सांगते. शयनगृहातला तपशील गाळावा, लढायांची वर्णनं आखडती घ्यावीत, पण केलेली चूक आणि तिचं फळ यांच्यामधला धागा कधीही तोडू नये. आर्थरच्या साऱ्या गोष्टी दिलेल्या शब्दावर उभ्या आहेत. कोणी कोणाला शब्द दिला, तो पाळताना काय गमावलं, मोडल्यावर काय कोसळलं, एवढं मुलांना दिसत राहिलं की बाकी पुष्कळ काही कमी-जास्त करता येतं. मिळमिळीत आवृत्त्या फसतात त्या इथेच. त्यांच्यात राज्य बुडतं, पण का बुडालं ते सांगितलेलं नसतं. मुलाला दुःखाचा त्रास होत नाही. कारण न सांगता अंगावर टाकलेल्या दुःखाचा होतो.

बदल करायचा अधिकार आपल्याला आहे का, ही शंका मनातून काढून टाका. या गोष्टी ज्याच्या त्याच्या हातून बदलतच आल्या आहेत. ११३६च्या सुमारास जेफ्री ऑफ मॉनमथने लॅटिनमध्ये ब्रिटनच्या राजांचा जो 'इतिहास' लिहिला, त्यात आर्थर आहे, मर्लिन आहे, पण गोलमेज नाही. ते मेज ११५५ साली वेस नावाच्या कवीने फ्रेंच काव्यात आणलं. राणीचा प्रियकर म्हणून लान्सलॉट त्यानंतर काही वर्षांनी क्रेतियाँ द त्रॉय या फ्रेंच कवीच्या काव्यात दिसतो. दगडातली तलवार आणखी पुढे, १२००च्या आसपास, रोबेर द बोरोनकडे येते. हे सगळं गोळा करून टॉमस मॅलरीने १४६९-७०मध्ये इंग्रजीत आणलं, तेही तुरुंगात असताना. आपल्या सुटकेसाठी प्रार्थना करा, असं तो ग्रंथाच्या शेवटी वाचकांना विनवतो. विल्यम कॅक्स्टनने तो ग्रंथ ३१ जुलै १४८५ रोजी छापून पुरा केला. प्रत्येकाने मागच्याकडून घेतलं, आपलं घातलं, नको ते सोडलं. तुम्ही त्याच रांगेत उभ्या आहात. फक्त कणा एकाचाच धरा, आणि तो मॅलरीचा धरा. पाच आवृत्त्यांमधून पाच तुकडे उचलले की एका रात्री मेलेला सरदार दुसऱ्या रात्री मेजावर जेवताना सापडतो, आणि अकरा वर्षांचा मुलगा ते बरोब्बर पकडतो.

सुरुवात दगडातल्या तलवारीने करा. पण तलवार निघाली की थांबू नका, कारण खरी गोष्ट त्यानंतर आहे. लंडनच्या मोठ्या चर्चच्या आवारात संगमरवरासारखा दगड, त्यावर पोलादी ऐरण, ऐरणीत रुतलेली तलवार. जो ती उपसेल तोच राजा. नववर्षाच्या दिवशी मैदानात झुंजी लागल्या आहेत. थोरल्या भावाची, केयची, तलवार मुक्कामाच्या घरी राहिली, म्हणून तो धाकट्या आर्थरला ती आणायला पिटाळतो. घरी कोणीच नाही, सगळे झुंजी बघायला गेलेत. आर्थर वैतागतो. माझ्या भावाला आजच्या दिवशी तलवारीवाचून राहू देणार नाही, असं मनाशी म्हणत तो चर्चच्या आवारातली तलवार काढून आणतो. राज्याचा विचारही त्याच्या डोक्यात नाही. केय मात्र तलवार ओळखतो. तो तडक बापाकडे जातो आणि म्हणतो, "बघा, ही दगडातली तलवार. म्हणजे या देशाचा राजा मीच." बाप, म्हणजे सर एक्टर, रागावत नाही. दोघा मुलांना घेऊन तो चर्चमध्ये जातो, केयचा हात धर्मग्रंथावर ठेवायला लावतो आणि विचारतो, "शपथेवर सांग, ही तुझ्या हाती आली कशी?"

इथे थांबा. श्वास घ्या, मुलांकडे बघा, घाई करू नका. असं खोटं प्रत्येक मुलाने कधी ना कधी बोललेलं असतं, त्यामुळे या क्षणी सगळी मुलं केयच्या जागी उभी असतात. मग केय म्हणतो, "आर्थरने आणून दिली." त्याला शिक्षा होत नाही. एक्टर आर्थरपुढे गुडघे टेकतो, आणि आर्थर रडू लागतो. राजा झाल्याचा आनंद त्याला नाहीच. ज्याला आपण बाबा म्हणत होतो तो आपला बाबा नाही, हे त्याला आत्ता कळलं आहे. एक्टर एकच मागणं मागतो, की केयला राज्याचा कारभारी कर. आर्थर शब्द देतो आणि जन्मभर पाळतो. मराठी घरांतली मुलं इथे हमखास म्हणतात, "कर्णासारखं झालं हे." म्हणू द्या. हो म्हणा आणि पुढे चला. तुलना मुलाने केली तर ती त्याची असते. आपण लादली की गोष्टीचा धडा होतो.

यानंतर गोलमेजाची, म्हणजे त्या मेजाभोवती बसणाऱ्या नाइट सरदारांची, शपथ सांगा. मॅलरीकडे ती आर्थरच्या लग्नाच्या मेजवानीनंतर येते. अन्याय आणि खून करायचा नाही, दगाफटका करायचा नाही, शरण आलेल्याला अभय द्यायचं, स्त्रियांच्या मदतीला धावायचं, पैशासाठी किंवा कोणाच्या प्रेमापोटी खोट्या बाजूने लढायचं नाही. दर वर्षी पेंटेकॉस्टला, म्हणजे ईस्टरनंतर पन्नासाव्या दिवशी येणाऱ्या सणाला, ही शपथ सगळे पुन्हा घेत. वसईच्या किंवा गोव्याच्या ख्रिस्ती घरातल्या मुलांना तो सण समजावावा लागत नाही, बाकीच्यांना एका वाक्यात सांगता येतो. तो बदलून आपला दसरा वगैरे करू नका. शपथ मुलांना पाठ झाली की पुढची प्रत्येक गोष्ट ती स्वतःच तिच्याशी ताडून बघतात. "पण त्याने तर अभय मागितलं होतं!" असं तुमची मुलगी ओरडली की समजा, निम्मं काम झालं.

आता माझी सगळ्यांत लाडकी गोष्ट, गॅरेथची. बरेच जण ती गाळतात, कारण तिच्यात जादू फारशी नाही आणि कोणी नावाजलेला वीरही नाही. माझ्या मते मुलांना एकच गोष्ट सांगायची असेल तर ही सांगावी.

पेंटेकॉस्टच्या दिवशी एक उंच, देखणा तरुण दरबारात येतो. नाव सांगत नाही. राजाकडे तीन मागण्या मागतो. पहिली आज, बाकीच्या दोन वर्षाने. आजची मागणी काय, तर वर्षभर जेवण. राजाला नवल वाटतं, आणि तो मुलाला कारभारी केयच्या हवाली करतो. हा तोच केय. तो हिणवतो, "भरल्या पोटापलीकडे ज्याला काही सुचत नाही, तो कुठला खानदानी!" त्याचे गोरे, मोठे हात बघून केय त्याला 'बोमेन' म्हणजे सुंदर हातांचा असं टोपणनाव ठेवतो आणि मुदपाकखान्यात धाडतो. वर्षभर तो पोऱ्यांबरोबर जेवतो, त्यांच्यातच झोपतो. त्याचा सख्खा भाऊ गवेन त्याच दरबारात आहे, पण तोही त्याला ओळखत नाही.

वर्ष भरतं. लिनेट नावाची तरुणी दरबारात येते. तिच्या बहिणीच्या गढीला एका क्रूर सरदाराने वेढा घातला आहे. बोमेन उठतो आणि उरलेल्या दोन मागण्या मागतो: ही कामगिरी मला द्या, आणि मला नाइट करण्याचा मान लान्सलॉटला द्या. लिनेट भडकते. मी वीर मागायला आले आणि माझ्या पदरात स्वयंपाकघरातला पोऱ्या घातला! वाटेत ती त्याला जवळ येऊ देत नाही. "लांब हो, तुझ्या कपड्यांना चरबीचा वास येतो." तो म्हणतो, "बाई, तुम्ही काहीही बोला, हाती घेतलेलं काम पुरं केल्याशिवाय मी मागे फिरणार नाही." मग काळा नाइट, हिरवा नाइट, तांबडा नाइट, निळा नाइट असे एकेक आडवे येतात. ही मुलांची हक्काची जागा आहे. रंग त्यांनाच सांगू द्या, लिनेटचं "चरबीचा वास!" त्यांच्याकडूनच म्हणून घ्या. हिरव्या नाइटला तो लोळवतो तेव्हा तो नाइट जीवदान मागतो. बोमेन म्हणतो, "या बाईंनी रदबदली केली तरच." लिनेटला त्याच्याकडे काही मागणं म्हणजे मरणप्राय, पण एका माणसाचा जीव टांगणीला आहे. ती नाक मुरडत मागते. मुलं खदखदून हसतात, आणि त्याच वेळी लिनेट बदलू लागली आहे हेही त्यांना कळतं. शेवटी ती विचारते, "मी एवढं टाकून बोलले, तुम्ही एका शब्दाने उलटला नाहीत. तुम्ही आहात तरी कोण?" त्याचं उत्तर मला फार आवडतं. तुमच्या बोलण्याचा राग मला येतच होता, तो मी समोरच्या शत्रूवर काढत गेलो, असं तो प्रामाणिकपणे सांगतो. राग आलाच नाही अशी साधुगिरी त्यात नाही.

तो खरा राजपुत्र आहे, हे मुलांना उशिरात उशिरा सांगा. लवकर सांगितलं तर ती मोठ्या घरच्या मुलाची गोष्ट होते. उशिरा सांगितलं तर वर्षभर भांडी घासणाऱ्या मुलावर त्यांचा जीव जडलेला असतो.

या गोष्टीवर मी इतका भर देते त्याला कारण आहे. पुढे राणी ग्विनेव्हिअरला जाळण्याची शिक्षा होते. राजा गॅरेथला तिथे उभं राहायला सांगतो. गॅरेथला ती शिक्षा मान्य नाही, पण राजाज्ञा मोडता येत नाही, म्हणून तो निःशस्त्र जातो, अंगात चिलखतही घालत नाही. राणीला सोडवायला लान्सलॉट घोडा फेकत येतो, आणि त्या झुंबडीत न ओळखता त्याच्याच तलवारीने गॅरेथ मरतो. ज्याने त्याला नाइट केलं होतं, ज्याच्यावर त्याचा देवासारखा जीव होता, त्याच्याच हातून. गवेनचं काळीज फाटतं. तो लान्सलॉटचा सूड घेण्याची शपथ घेतो आणि तह होऊच देत नाही. राजा फौज घेऊन फ्रान्समध्ये लान्सलॉटला वेढा घालून बसतो, आणि मागे राजाचाच मुलगा मॉर्ड्रेड राज्य बळकावतो. ज्या मुलांनी गॅरेथवर माया केली आहे त्यांना गोलमेज का मोडलं हे समजावून सांगावं लागत नाही. राणीच्या प्रेमप्रकरणाची चर्चाही लांबवावी लागत नाही. "राणी आणि लान्सलॉट यांचं एकमेकांवर प्रेम होतं, आणि लान्सलॉट राजाचा सगळ्यांत जवळचा मित्र होता," एवढं एक वाक्य आठ वर्षांच्या मुलीला पुरतं. त्या वाक्यातली अडचण तिला लगेच कळते. ते वाक्य गाळलं तर मात्र लान्सलॉटच्या धावत येण्याला अर्थ उरत नाही.

गवेन आणि हिरवा नाइट ही गोष्ट मॅलरीत नाही. ती चौदाव्या शतकाच्या अखेरच्या एका इंग्रजी काव्यात आहे. कवीचं नाव कोणालाच ठाऊक नाही, आणि काव्याचं एकुलतं एक हस्तलिखित १७३१ साली लंडनमध्ये कॉटन संग्रहाला लागलेल्या आगीतून वाचलं. आज ते ब्रिटिश लायब्ररीत आहे. ही गोष्ट स्वतंत्र सांगता येते, म्हणून कण्याला धक्का लागत नाही. नाताळानंतरच्या थंडीत सांगायला तर ती फारच छान.

मुंडकं उडण्याबद्दल तुम्हाला धास्ती आहे, तर ती इथेच दूर करते. दरबारात हिरवा माणूस, हिरव्या घोड्यावर, एका हातात हॉलीची डहाळी, दुसऱ्या हातात कुऱ्हाड. पैज अशी की आज माझ्या मानेवर एक घाव घाला, वर्षाने आणि एका दिवसाने तोच मी तुमच्या मानेवर घालीन. गवेन घाव घालतो. डोकं गडगडत जातं, बसलेले लोक पायाने ते लाथाडतात. धड मात्र पडत नाही. ते चालत येतं, केस धरून डोकं उचलतं, घोड्यावर बसतं, आणि हातातल्या डोक्याच्या पापण्या उघडतात. ते बोलतं: "विसरू नकोस." मी हे कधी सौम्य केलेलं नाही. मुलं किंचाळतात आणि लगेच "पुन्हा सांग" म्हणतात. ही भीती खेळातली आहे, भुताच्या गोष्टीतली. मुलांना खरोखर जड जातं ते वेगळंच: भावाने भावाला मारणं, बापाने टाकून देणं. म्हणून रक्ताला घाबरून हिरव्या नाइटचं डोकं वाचवू नका. बेलिन आणि बेलान या दोन भावांची गोष्ट मात्र थोडी पुढे ढकला. चेहरे झाकलेले असल्यामुळे ते एकमेकांना ओळखत नाहीत आणि लढून दोघेही मरतात. अकरा वर्षांच्या मुलाला ती चालेल, आठ वर्षांच्या मुलीला आणखी दोन वर्षांनी.

गवेन ज्या गढीत मुक्कामाला राहतो तिथला भाग आवृत्त्यांमध्ये उगीचच कापलेला असतो. करार असा की घरधनी दिवसभर शिकार करील आणि ती संध्याकाळी गवेनला देईल, गवेनला घरात जे मिळेल ते त्याने घरधन्याला द्यायचं. घरधनीण रोज सकाळी गवेनशी गप्पा मारायला येते आणि जाताना एक पापा देते. काव्यात ती त्याला मोह घालते, मुलांना तेवढं सांगायची गरज नाही. संध्याकाळी घरधनी हरणं आणतो, आणि गवेन ठरल्याप्रमाणे गंभीर चेहऱ्याने त्याला पापा परत करतो. दुसऱ्या दिवशी रानडुक्कर आणि दोन पापे. तिसऱ्या दिवशी फक्त कोल्हा, आणि तीन पापे. पण त्या दिवशी बाईंनी हिरवा कमरपट्टाही दिलेला असतो. जो बांधेल तो मरणार नाही, असं सांगून. गवेन तो लपवतो. एवढा शूर, एवढा सच्चा माणूस जिवाच्या भीतीने एक पट्टा लपवतो. वर्ष भरल्यावर हिरव्या नाइटने बोलावलेल्या जागी, हिरव्या चॅपलपाशी, कुऱ्हाड दोनदा हुलकावणी देते आणि तिसऱ्यांदा मानेवर फक्त ओरखडा काढते. तो ओरखडा त्या पट्ट्याचा. हिरवा नाइटच घरधनी होता, आणि तो म्हणतो, तू जगण्यावर प्रेम केलंस, म्हणून मी तुला फारसा दोष देत नाही. गवेनला मात्र स्वतःला माफ करता येत नाही. परतल्यावर दरबार हसतो आणि सगळेच तसा हिरवा पट्टा बांधतात. गवेनचं बरोबर की दरबाराचं, यावर मुलांना वाद घालू द्या. निकाल देऊ नका, कवीनेही दिलेला नाही.

पर्सिव्हलची गोष्ट एखाद्या रात्रीत होते. आईने रानात लपवून वाढवलेला मुलगा नाइट बघतो आणि त्यांना देवदूत समजतो, एकेक वस्तू दाखवून "हे काय?" विचारत सुटतो. पुढे एक गुरू त्याला फार बोलू नकोस असं बजावतो. म्हणून जखमी राजाच्या वाड्यात रक्त ठिबकणारा भाला आणि तेजाने झळाळणारं पात्र समोरून नेलं जातं, तेव्हा तो काहीच विचारत नाही. विचारलं असतं तर राजा बरा झाला असता. क्रेतियाँचं हे काव्य अपुरंच राहिलं, त्यामुळे पुढचं मुलांना रचू द्यायलाही हरकत नाही. मुलीसाठी रॅग्नेलची पंधराव्या शतकातली गोष्टही घ्या. तिच्यात आर्थरला कोडं पडतं की स्त्रियांना सगळ्यांत जास्त काय हवं असतं, आणि शापित, कुरूप रॅग्नेल ज्या अटीवर त्याचं उत्तर देते ती अट म्हणजे गवेनशी लग्न. लग्नानंतर दिवसा सुंदर की रात्री, ही निवड गवेन तिच्यावरच सोपवतो आणि शाप तुटतो. कोड्याचं उत्तरही तेच आहे: स्वतःच्या आयुष्याचा कारभार.

आता अवघड दोन गोष्टी. पहिली आर्थरच्या जन्माची. उथर राजा मर्लिनच्या जादूने कॉर्नवॉलच्या ड्यूकचं रूप घेतो आणि टिंटॅजेलच्या किल्ल्यात ड्यूकच्या पत्नीकडे, इग्रेनकडे जातो. काही पुस्तकं याची प्रेमकथा करतात. तसं करू नका. "राजाने जादूने दुसऱ्याचं रूप घेतलं आणि तिला फसवलं," असं स्वच्छ शब्दांत सांगा. आपल्याकडे अहल्येची कथा लहानांना याहून अधिक काही न सांगता सांगतातच. मर्लिन मदतीचं मोल म्हणून ते बाळ मागून घेतो आणि एक्टरकडे वाढायला देतो, म्हणजे मुलांना दगडातल्या तलवारीच्या रात्री पडलेला प्रश्नही इथे सुटतो.

दुसरी फार कठीण आहे. मॉर्ड्रेड हा आर्थरचा त्याच्या सावत्र बहिणीपासून झालेला मुलगा. आर्थरला तेव्हा नातं ठाऊक नसतं. मे महिन्याच्या पहिल्या दिवशी जन्मलेलं मूल तुझा नाश करील, असं मर्लिन सांगतो. आर्थर त्या दिवशी जन्मलेली सरदारघराण्यांतली सगळी मुलं एका जहाजात घालून समुद्रात सोडायला लावतो. जहाज फुटतं, आणि मॉर्ड्रेड वाचतो. मुलांसाठीची बहुतेक पुस्तकं हे गाळतात. तुमच्या मुलीला मीही इतक्यात सांगणार नाही. तिला "मॉर्ड्रेड राजाचा मुलगा होता, पण राजाने त्याला वाढवलं नाही" एवढं पुरे, आणि ते खोटं नाही. मुलाला मात्र वेगळं बसवून सांगा. मोठी मुलं क्षणात म्हणतात, "हा तर कंस!" आणि मग गप्प होतात, कारण कंस दुष्ट होता आणि आर्थर आपला लाडका आहे. त्यांना त्या अडचणीत राहू द्या. आर्थरची बाजू सावरायला धावू नका. हे ऐकलेला मुलगा मॉर्ड्रेडला नुसता खलनायक समजत नाही.

शेवट पूर्ण सांगा. सॉल्झबरीच्या माळावर दोन्ही सैन्यं उभी आहेत, आर्थर आणि मॉर्ड्रेड थोडी माणसं घेऊन मध्ये भेटतात, तह ठरतोही. दोघांनी आपापल्या सैन्याला बजावलेलं असतं: तलवार उपसलेली दिसली तर तुटून पडा. झुडपातून एक विषारी साप येतो आणि एका नाइटच्या पायाला चावतो. तो सापाला मारायला तलवार उपसतो. पातं चमकतं, तुताऱ्या वाजतात. त्याच्या मनात दगा नव्हता. पण एकमेकांच्या शब्दावर भरवसा उरला नसला की एवढंही पुरतं, हे मला वाटतं दुसऱ्या कुठल्याच युद्धाच्या गोष्टीत इतकं लख्ख दिसत नाही. हा साप कृपा करून गाळू नका.

नंतर जखमी राजा आपल्या सरदाराला, बेडिव्हिअरला, आपली तलवार एक्सकॅलिबर पाण्यात टाकायला पाठवतो. तो दोनदा तलवार लपवून परत येतो आणि टाकली म्हणून सांगतो. "काय दिसलं?" राजा विचारतो. "लाटा आणि वारा." राजाला खोटं कळतं. तिसऱ्यांदा तो खरंच फेकतो. पाण्यातून एक हात वर येतो, तलवार झेलतो, तीनदा फिरवतो आणि नाहीसा होतो. केयच्या खोट्यापासून सुरू झालेली गोष्ट बेडिव्हिअरच्या खोट्यापर्यंत येते, हे तुम्ही बोलून दाखवू नका. तुमचा मुलगा दाखवील. राजा मेला का, या प्रश्नाला मॅलरीसारखंच उत्तर द्या: काही म्हणतात तो परत येईल, मी तसं म्हणत नाही, पण त्याला अॅव्हलॉनला घेऊन जाणारी नाव बेडिव्हिअरने पाहिली.

"हे खरंच घडलं होतं का?" हा प्रश्न येणारच. नाही म्हणून सांगा, किंवा निदान असं की त्याच्या काळातला एकही पुरावा हाती नाही. सहाव्या शतकातल्या गिल्डास या धर्मपंडिताने, पुढे आर्थरच्या नावावर गेलेल्या, बेडनच्या लढाईचा उल्लेख केला आहे, पण आर्थरचं नाव घेतलेलं नाही. बारा लढाया जिंकणारा आर्थर पहिल्यांदा भेटतो तो नवव्या शतकातल्या लॅटिन ग्रंथात. ११९१मध्ये ग्लास्टनबरीच्या मठवासीयांनी आर्थरची कबर सापडल्याचा दावा केला, पण इतिहासकार त्यावर विश्वास ठेवत नाहीत. आणि एक विनंती: "आर्थर म्हणजे त्यांचे शिवाजी महाराज" असं मुलांना कधीही सांगू नका. महाराजांची पत्रं आहेत, किल्ले आहेत, समकालीनांच्या नोंदी आहेत. आर्थरकडे गोष्टी आहेत. दोन्हींची सरमिसळ केली तर मुलाला इतिहासही नीट कळत नाही आणि दंतकथाही.

विंचेस्टर तुम्हाला फार दूर नसेल तर सगळ्या गोष्टी संपल्यावर मुलांना तिथल्या ग्रेट हॉलमध्ये घेऊन जा, आधी नको. भिंतीवर ओकचं प्रचंड गोल मेज टांगलेलं आहे, व्यास साडेपाच मीटर. ते तेराव्या शतकातलं, म्हणजे आर्थरचं नव्हेच. रंगवलं ते आठव्या हेन्रीच्या काळात. कडेने चोवीस नाइटांची नावं आहेत. जुन्या लिपीत असल्यामुळे शोधायला वेळ लागतो, तो लागू द्या. गॅरेथ, केय, बेडिव्हिअर सापडतात. राजाच्या एका अंगाला सगळ्यांत निष्कलंक नाइट गॅलाहॅड आहे आणि दुसऱ्या अंगाला मॉर्ड्रेड.

सांगण्याबद्दल थोडंसं. वाचून दाखवू नका, तोंडी सांगा. दुपारी वाचून ठेवा आणि रात्री पुस्तक मिटून बसा. एका रात्री एकच लढाई सविस्तर, बाकीच्या एका वाक्यात. मॅलरीतल्या झुंजी एकीसारखी दुसरी असतात आणि तिसऱ्या भाल्याला मुलगी पेंगते. नावं कमीत कमी ठेवा. गॅरेथच्या गोष्टीत सहा पुरेत. आणि एक्सकॅलिबर मिळते तेव्हाचा मर्लिनचा प्रश्न जरूर विचारा: तलवार जास्त मोलाची की म्यान? आर्थर तलवार म्हणतो. मर्लिन म्हणतो, म्यान दहापट मोलाचं आहे, ते कमरेला असेपर्यंत तुझं रक्त सांडणार नाही. पुढे आर्थरची जादूगार बहीण मॉर्गन ते म्यानच चोरून तळ्यात फेकते. दोन्ही मुलांना आधी उत्तर द्यायला लावा, आणि कोण काय म्हणालं ते लक्षात ठेवा, कारण शेवटच्या लढाईच्या रात्री ती म्यानाबद्दल विचारणार आहेत.